दाराला डकवून बजावली

सुभानपुरा, बडोदे
१४ फेब्रुवारी २०२५

मृदुलावहिनी,

बडोद्याहून जयवंतचा नमस्कार. हे पत्र स्पीड पोस्टाने पाठवतोय, तेव्हा सही करताना तारीख घालायला विसरू नका. फोनवर सांगता आलं असतं, पण फोनवर बोललेलं उद्या कुणी मानत नाही. छत्तीस वर्षं सरकारी कचेरीच्या वसुली शाखेत काढली. कागदावर नाही ते घडलंच नाही, असं समजायची सवय लागली आहे.

तर घडलं ते असं. या महिन्यात माझ्या पेन्शनीत नऊ हजार रुपये कमी आले. बँकेत विचारलं तर काउंटरवरची मुलगी म्हणाली, "अंकल, उपरथी आव्युं छे." वरून आलंय. वर म्हणजे कुठून, ते तिला ठाऊक नव्हतं. तीन दिवस चार कचेऱ्या फिरलो, तेव्हा कळलं की ते माझ्याच जुन्या कचेरीतून आलंय.

मी २०११ साली निवृत्त झालो आणि जुलैत सरकारी क्वार्टर सोडलं, हे तुम्हाला माहीत आहे. सामानाच्या टेम्पोत तुमची शिवणयंत्राची पेटी चुकून गेली होती, ते वर्ष. कचेरीच्या दप्तरात मात्र मी किल्ली जुलै २०१२ मध्ये दिली असं लिहिलंय. म्हणजे वर्षभर सरकारी घर दाबून बसलो. त्याचं दंडाचं भाडं, त्यावर व्याज, एकूण दोन लाख शहाऐंशी हजार चारशे. महिना नऊ हजारांनी बत्तीस महिने कापणार. मी बहात्तरचा आहे. आणखी बत्तीस महिने जगेन हे त्यांनी गृहीत धरलंय, तेवढाच काय तो आशीर्वाद.

किल्लीची पावती माझ्या ट्रंकेत आहे, १९ जुलै २०११ ची, शिक्क्यासकट. कुणी विचारलं असतं तर पाच मिनिटांत दाखवली असती. पण फाइलीत लिहिलंय की मला नोटीस दिली, घर बंद आढळले म्हणून दाराला डकवून बजावली, उत्तर आलं नाही म्हणून एकतर्फी निर्णय. नऊ हजार म्हणजे पद्माच्या औषधांचा महिना, तेव्हा पैशाचं दुःख आहेच. पण माझं ऐकून न घेता मला चोर ठरवलं, हे जास्त लागलं. मी इतकी वर्षं वसुली केली, पण कुणाला संधी न देता त्याच्या घरावर गेलो नाही.

पूर्वीला आशीर्वाद. इंदूरला थंडी ओसरली असेल.

जयवंत

*

इंदूर
२६ फेब्रुवारी २०२५

जयवंतभाऊजी,

पत्र मिळालं. सही केली. तारीख घालायला गेले तर पोस्टमन म्हणाला, आजी, ते काम माझं आहे.

माझं ऐकाल तर कापू द्या. सरकारशी भांडून कुणाचं भलं झालंय? आमचंच बघा. वासण्याच्या रस्त्यावर तुमच्या समरजितदादांचा लाकडी खोक्यांचा कारखाना होता. महामंडळाच्या कर्जाचे दोन हप्ते थकले, म्हणून तुमच्या कचेरीने मार्च २००५ मध्ये सील केला आणि करवती भंगाराच्या भावात विकल्या. हे शेवटपर्यंत म्हणत राहिले की नोटीस आलीच नाही, दारावर काही नव्हतं. मी तुमच्याकडे विचारायला आले, आठवतं? तुम्ही शांतपणे कागद दाखवलात. दोन पंचांच्या सह्या होत्या. म्हणालात, "वहिनी, नोटीस दाराला डकवली होती. दादाने लाजेपोटी काढून खिशात घातली असेल."

घरातलाच माणूस सांगतोय म्हटल्यावर मी ते खरं धरलं. पूर्वी तेव्हा सतरा वर्षांची. तिची आर्किटेक्चरची फी भरायची होती, ती राहिली. तिनेही तेच खरं धरलं. त्यानंतर ती वडलांना बाबा म्हणेनाशी झाली. 'ते जेवले का' असं मला विचारायची. २०१६ साली हे गेले तेव्हा हॉस्पिटलचे सगळे फॉर्म तिने भरले, पण खाटेशी बसली नाही.

सांगायचं म्हणजे, ज्याच्या दारावर नोटीस लागते त्याला ती लागल्याचं आवडत नाही. तुमच्या हातून तसं काही झालं नाही ना? या वयात विसरायला होतं. पद्माला एकदा विचारून बघा.

मृदुला

*

सुभानपुरा, बडोदे
२० मार्च २०२५

मृदुलावहिनी,

पद्माला विचारलं. ती तीन दिवस माझ्याशी बोलली नाही. तेव्हा तो मुद्दा निकालात निघाला असं समजा.

आता पुढची हकीकत. माहितीच्या अधिकारात अर्ज करून डकवल्याचा पंचनामा मिळवला. तारीख २४ जानेवारी २०२४. त्या दिवशी आमच्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. वाणाच्या वाट्या एकेचाळीस गेल्या, म्हणजे एकेचाळीस बायका त्या दारातून आल्या आणि गेल्या. पंचनाम्यात लिहिलंय, घर बंद आढळले.

याहून पुढचं ऐका. पहिला पंच कोण? फत्तेसिंहराव, कचेरीच्या फाटकाशी ज्यांची चहाची टपरी होती ते. ते २०२१ साली कोरोनात गेले. मी तेराव्याला जेवून आलो आहे. माणूस गेल्यावर तीन वर्षांनी सुभानपुऱ्यात आला, माझं दार बंद पाहिलं आणि खाली सही करून गेला.

मी मात्र सही बघताक्षणी ओळखलं. तुमच्यापासून काय लपवायचं. मार्चअखेरीला वसुलीचं टार्गेट असतं. नोटिसा तीनशे आणि पटावाळे शिपाई दोन. प्रत्येक दाराशी दोन पंच न्यायचे म्हटले तर दिवाळी येईल. म्हणून आमच्याकडे पूर्वापार रिवाज असा होता की कोऱ्या कागदांवर पंचांच्या सह्या आधीच घेऊन ठेवायच्या. मजकूर मागाहून, लागेल तसा. २००४ च्या डिसेंबरात फत्तेसिंहराव आणि त्यांच्या साडूने एका दुपारी दोनशे कागदांवर सह्या केल्या. त्या आठवड्यात शाखेचा चहा त्यांच्याच टपरीवरून मागवला.

त्या कागदांचा गैरवापर होऊ नये म्हणून मी एक शिस्त ठेवली होती. प्रत्येक कागदावर खाली डाव्या कोपऱ्यात पेन्सिलीने गोल काढून त्यात क्रमांक घालायचो. कुठला कागद कुणाला दिला, त्याची वही वेगळी. साहेब माझी वही नव्या कारकुनांना दाखवायचे. माझ्या दारावरच्या पंचनाम्यावर गोलात १४३ आहे, अक्षर माझंच. उरलेला गठ्ठा कुणाला तरी कपाटात सापडला असणार आणि वाया कशाला घालवा म्हणून वापरला असणार.

म्हणजे प्रकरण उघड आहे. लेखी हरकत दिली, सुनावणी ९ जूनला लागली. मेलेला पंच आणि वीस वर्षं जुना कागद, पाच मिनिटांचं काम आहे. बरेच दिवसांनी रात्री झोप लागली.

जयवंत

*

इंदूर
२ एप्रिल २०२५

जयवंतभाऊजी,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मग पलंगाखालची प्लास्टिकची पिशवी काढली. तीत ह्यांचे कारखान्याचे कागद आहेत. हे गेल्यावर रद्दीत घालणार होते, राहून गेले.

पंचनाम्याची झेरॉक्स पुसट झाली आहे. भिंग घेऊन खिडकीत बसले. कारखाना बंद आढळला, नोटीस दाराला डकवून बजावली, तारीख २९ मार्च २००५. पहिला पंच फत्तेसिंहराव. खाली डाव्या कोपऱ्यात गोल आहे. गोलात ३१.

हा आकडा तुमचा आहे का, एवढंच कळवा.

मृदुला

*

इंदूर
५ मे २०२५

जयवंतभाऊजी,

माझ्या २ एप्रिलच्या पत्राचं उत्तर नाही. स्पीड पोस्टाची पावती माझ्याकडे आहे. पोस्टाच्या साइटवर पूर्वीने काहीतरी नंबर घालून पाहिलं, पत्र ५ तारखेला तुम्हाला पोचलं असं दिसतं. कुणाचं पत्र होतं ते तिला सांगितलेलं नाही.

तुमच्या कचेरीत अशाला स्मरणपत्र म्हणतात ना? मग हे पहिलं स्मरणपत्र समजा. दुसरं पाठवायला लावू नका.

मृदुला

*

सुभानपुरा, बडोदे
१८ मे २०२५

मृदुलावहिनी,

आकडा माझा आहे.

तुमचं पत्र आलं त्या दिवसापासून तीन उत्तरं लिहिली. एकात म्हटलं की वही हरवली. एकात म्हटलं की कागद कुणीही घेतला असेल. दोन्ही फाडली. तिसरं तर मलाच पटत नव्हतं. आता जसं घडलं तसं लिहितो.

दादाची फाइल शाखेत आली तेव्हा मी साहेबांकडे जाऊन सांगितलं, समरजित माझा सख्खा मावसभाऊ, नात्यातल्या फाइलीला मी हात लावणार नाही. साहेब खूश झाले. चार लोकांसमोर म्हणाले, याला म्हणतात नियम. फाइल शेजारच्या टेबलावर गेली. मार्चच्या २९ तारखेला संध्याकाळी त्या कारकुनाकडचे सही केलेले कागद संपले. त्याने माझ्याकडे एक मागितला. मी ड्रॉवरमधून काढून दिला आणि वहीत नोंद केली. कशासाठी ते विचारलं नाही. विचारायची गरज नव्हती, फाइल त्याच्यासमोर उघडी होती आणि वर दादाचं नाव होतं. नोटीस घेऊन कुणी वासण्याला गेलं नाही. ती टाचणीला टोचलेली दुसऱ्या दिवशीही टेबलावरच होती, मी पाहिली.

त्या संध्याकाळी स्कूटर काढून मी वासण्याला जाऊ शकलो असतो. पंधरा मिनिटं लागली असती. दादाला म्हटलं असतं, उद्या सकाळी कचेरीत ये आणि महिन्याची मुदत माग. मागणाऱ्याला तेव्हा मिळत होती. मला वाटलं, तसं केलं तर पक्षपात होईल. घरी गेलो, जेवलो.

पुढे तुम्ही आलात. दादाने नोटीस खिशात घातली असेल, हे मी तुम्हाला का म्हणालो, यावर महिनाभर विचार करतोय. कागद खोटा आहे म्हटलं असतं तर माझी नोकरी गेली असती. दादा खोटं बोलतोय म्हटलं तर कुणाचं काही जाणार नाही, असं वाटलं. घरातल्या घरात मिटेल म्हटलं.

दादा मला पुढे अकरा वर्षं भेटत होता. लग्नाकार्यात शेजारी बसायचा. त्याने मला एकदाही विचारलं नाही. मीही बोललो नाही. पहिल्या पत्रात तुम्हाला लिहिलं की संधी न देता मी कुणाच्या घरावर गेलो नाही. ते लिहिताना मला दादा आठवलाही नाही, याची लाज वाटते. माफी मागायचं तोंड नाही.

जयवंत

*

इंदूर
२७ मे २०२५

जयवंतभाऊजी,

पत्र मिळालं. त्यावर आत्ता काही लिहीत नाही.

९ जूनला तिथे काय सांगणार आहात? जे सांगाल त्याची नक्कल मला पाठवा.

मृदुला

*

सुभानपुरा, बडोदे
१२ जून २०२५

मृदुलावहिनी,

नक्कल सोबत जोडली आहे, तीन पानं. प्रत्येक पानावर कचेरीचा शिक्का बघून घ्या.

सुनावणी घेणारे साहेब तरुण, आपल्या पूर्वीच्या वयाचे असतील. मला म्हणाले, "वडील, बेसो ने." पंख्याखालची खुर्ची दिली, पाणी मागवलं. किल्लीची पावती पाहिली आणि लगेच म्हणाले की साल टाइप करताना चूक झाली आहे. वसुली रद्द, कापलेले पैसे परत, हुकूम आजच काढतो. पंचनाम्याचं मात्र राहू द्या म्हणाले. 'नोटीस मिळाली नाही' एवढं एक वाक्य लिहून सही करा, बाकी खोलात जायला नको, जुन्या लोकांना त्रास होईल. भल्या मनाने सांगत होते. जुन्या लोकांत मी मोडतो हे त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

कागद पुढे होता आणि पेन हातात. खोटं सांगणार नाही, वहिनी, मला ते वाक्य लिहावंसं वाटलं. वाक्य खरंच होतं. नोटीस मला मिळालीच नव्हती. सही केली असती तर चहा घेऊन बाराच्या आत घरी आलो असतो. पद्माची या महिन्याची औषधं अजून अर्धीच आणलेली आहेत, तेही डोक्यात होतं. पण दादाचंही वाक्य तेवढंच होतं, आणि ते लिहून घ्यायला कुणी कागद पुढे केला नव्हता.

मी म्हणालो, "साहेब, मला जबाब नोंदवायचा आहे. सगळा."

दोन तास लागले. सह्या कशा घेतल्या, किती, कुणासमोर, क्रमांक कसे घातले, सगळं सांगितलं. कागद क्रमांक ३१ वेगळा नोंदवायला लावला. समरजित यांच्या कारखान्याच्या दारावर २९ मार्च २००५ रोजी किंवा त्यानंतर कोणतीही नोटीस डकवलेली नव्हती, हे मला तेव्हाच माहीत होतं, आणि मी त्यांच्या कुटुंबाला उलट सांगितलं, असं त्यात आहे. दुसऱ्या पानावर, खालून सहावी ओळ. लिहून घेणारी मुलगी मध्ये थांबली आणि साहेबांकडे बघायला लागली. साहेबांनी मला विचारलं, याचे परिणाम माहीत आहेत ना? मी हो म्हणालो. हाच प्रश्न मी छत्तीस वर्षं दुसऱ्यांना विचारत आलोय.

परिणाम कालच आला. माझी वसुली रद्द करण्याचा हुकूम थांबवला आहे, कारण पंचनामा आता पुरावा झाला. आणि खोटे पंचनामे करण्यात मदत केली म्हणून माझी पेन्शन पूर्ण का रोखू नये, अशी नोटीस आली आहे. पटावाळा स्वतः घरी आला, बेल वाजवली, हातात दिली, सही घेतली. पंधरा दिवसांची मुदत आहे, वकील आणायची परवानगी आहे. तक्रारीला जागा नाही.

पद्माने नोटीस वाचली आणि एवढंच विचारलं, "मृदुलाला कळवलंत?" कळवलं आहे.

जयवंत

*

इंदूर
२५ जून २०२५

जयवंतभाऊजी,

तीन पानं मिळाली. दुसऱ्या पानावरची खालून सहावी ओळ वाचली.

तुम्हाला एक गोष्ट माहीत नाही. कारखाना गेल्यावर हे एका गोदामात कारकुनीला लागले. रोज संध्याकाळी घरी आले की बेल वाजवण्याआधी दारावरून हात फिरवायचे. वरून खाली, मग चौकटीच्या दोन्ही बाजूंनी, मग खाली वाकून उंबऱ्याशी. मग बेल. अकरा वर्षं, एक दिवस चुकला नाही. इंदूरला आल्यावर फ्लॅटच्या दारावरही. शेजारचे बघायचे. मला वाटायचं, हे आम्हाला दाखवायला नाटक करतात. एकदा मी दार उघडून म्हणाले, "पुरे झालं आता, लोक हसतात." त्या दिवसापासून हे मी स्वयंपाकघरात असल्याची चाहूल घेऊन मगच हात फिरवायचे. मला आतून ऐकू यायचं.

कचेरीने ह्यांचं ऐकून घेतलं नाही, ते तुम्ही कागदावर आणलंत. पण घरात तर कचेरी नव्हती. मी बायको होते, मला नोटीस द्यावी लागत नव्हती, मुदत द्यावी लागत नव्हती, समोर बसवून एकदा विचारायचं होतं. मी तुमचा कागद पाहिला आणि ह्यांच्याविरुद्ध निकाल लावला. अकरा वर्षं त्याची वसुली केली. त्या हिशेबात तुमच्यावर किती टाकायचं आणि माझ्यावर किती, ते मला अजून ठरवता येत नाही. माफ केलं असं लिहिलं तर ते खोटं होईल. राग आहे, खूप आहे. पण पद्माच्या औषधांचे पैसे मनीऑर्डरने पाठवले आहेत. ते तिला पाठवलेत, तुम्हाला नाही. परत करू नका.

तुमची तीन पानं मी पूर्वीला दाखवलेली नाहीत. काल रात्री ती जेवायला बसली तेव्हा पिशवी माझ्या मांडीवर होती. मला काढता आली नाही. ती आता सदतीस वर्षांची आहे, आणि वडलांनी नोटीस लपवली म्हणून आपलं शिक्षण गेलं असं वीस वर्षं समजून चालली आहे. हे तिला पत्राने कळवायचं नाही. मीही सांगणार नाही. तिच्या समोर बसून तुम्ही सांगायचं, आणि ती जे बोलेल ते सगळं ऐकून घ्यायचं.

शनिवारी रात्रीच्या गाडीचं तिकीट काढा. पूर्वी रविवारी घरी असते.

मृदुला